कोपऱ्यावरचा खांब

न्याहारीच्या टेबलाशी सेलीनाने बाही वर सारली आणि दंड नवऱ्यापुढे धरला. दंडावर बोटांचे वळ उठले होते, कडेने निळसर.

“हे बघ. काल परत.”

आल्बन मॉन्टूरने दंडाकडे बघितलं आणि नजर कॉफीच्या कपात बुडवली. “झोपेत होतो गं.”

“झोपेतच होतास, म्हणून तर म्हणते. जागेपणी कधी एवढं घट्ट धरलंयस मला?” ती हसली, पण ते हसू अर्ध्यावरच विझलं. “मामांना सांग, आल्बन.”

“काय सांगू? बायकोचा दंड धरतो म्हणून सांगू?”

“काय सांगायचं ते तुला चांगलं माहीत आहे.”

खाली गल्लीत मोटारीचा भोंगा वाजला. आल्बनने जेवणाचा डबा काखेत मारला, टोपी कानांवर ओढली आणि उत्तर न देता जिना उतरला. हे तो बरेच महिने करत होता. भोंगा वाजला की सुटल्यासारखं वाटायचं, आणि मोटारीत बसलं की परत घरी पळावंसं वाटायचं.

मोटार नॉरिस क्युरॉटची होती. नॉरिस म्हणजे आल्बनच्या धाकट्या बहिणीचा, डेलिमाचा नवरा. दोघं कॅनडातल्या कानावाके या मोहॉक गावचे, एकाच वयाचे, सेंट लॉरेन्स नदीत एकत्र पोहायला शिकलेले, आणि आता न्यूयॉर्कात इमारतींचे लोखंडी सांगाडे उभारणाऱ्या एकाच टोळीत, एकाच तुळईच्या दोन टोकांना. डेरिकने, म्हणजे दोराच्या उचलयंत्राने, वर आलेली तुळई पकडायची, तिची भोकं खांबाच्या भोकांना लावायची, पान्याचं टोक आरपार घालायचं आणि बोल्ट ठोकायचे, हे या दोघांचं काम. इमारतीत सगळ्यात वर हे दोघं असत. त्यांच्या डोक्यावर काही नसे.

“ये साल्या,” नॉरिस म्हणाला. डेलिमाशी लग्न झाल्या दिवसापासून त्याने आल्बनला दुसऱ्या नावाने हाक मारली नव्हती. “तोंड का असं? सेलीनाने पाव जाळला?”

“गाडी चालव.”

“जाळलाच वाटतं.”

ब्रुकलिनच्या त्या गल्लीत निम्मी बिऱ्हाडं कानावाकेची होती. आठवडाभर पुरुष नदीपलीकडच्या मॅनहॅटनमध्ये लोखंड चढवत आणि शुक्रवारी संध्याकाळी मोटारी भरून उत्तरेला, सीमा ओलांडून गावी पळत. सोमवारी उजाडायला पुन्हा कामावर. आल्बनचे वडील असेच जगले आणि म्हातारे होऊन बिछान्यात गेले. आईचे वडील तसे गेले नाहीत. क्वेबेकचा पूल कोसळला त्या संध्याकाळी ते पुलावर होते, आणि गावातले इतके पुरुष त्यात गेले की दुसऱ्या दिवशी कोणत्या घरी आधी जावं हेच कुणाला कळेना. स्मशानात त्यांच्यासाठी लोखंडी तुळयांचेच क्रूस उभे केले. तेव्हापासून गावातल्या बायकांनी हट्ट धरला तो धरलाच: एका ठिकाणच्या कामावर सगळे पुरुष जायचे नाहीत. पांगायचं.

आल्बनची आई म्हणून तर या टोळीवर चिडलेली असायची. टोळीचा मुकादम इग्नास हा तिचा सख्खा भाऊ. “भाऊही तिथे, मुलगाही तिथे, जावईही तिथे,” ती म्हणायची. “देवाला एका हेलपाट्यात सगळं नेता यावं अशी सोय करून ठेवली आहे तुम्ही.” इग्नासमामा हसत आणि अजून एक मक्याची भाकरी मागून घेत. पण आल्बनला अलीकडे ते वाक्य आठवून घाम फुटायचा.

खरं तर घडलं काहीच नव्हतं. कुणी पडलं असतं, दोर तुटला असता, तर भीतीला निदान धरायला काही असतं. गेल्या उन्हाळ्यात, एका साध्या कामावर, साध्या उंचीवर, पलीकडच्या गड्याच्या हातून एक बोल्ट निसटला. असे बोल्ट रोज निसटतात. लोखंडावर चालणारा माणूस पुढच्या खांबाकडे बघतो. खाली बघायची वेळ आलीच तर नजर बुटापर्यंत नेतो आणि परत आणतो. त्या दिवशी आल्बनची नजर बोल्टाबरोबर गेली. बोल्ट तुळईच्या कडेवरून गेला, खिडक्यांच्या रांगांवरून गेला, लहान होत गेला, आणि नजर त्याला सोडेना. शेवटी तो दिसेनासा झाला, आणि पडल्याचा आवाज काही आला नाही. आल्बन किती वेळ कान देऊन उभा होता त्यालाच कळलं नाही. परत वर बघितलं तेव्हा आपले पाय ज्या पट्टीवर आहेत ती केवढी अरुंद आहे, हे त्याला आयुष्यात पहिल्यांदा दिसलं.

त्यानंतर सगळं बदललं. वर जाण्याआधी तो पत्र्याच्या संडासात जाऊन ओकायचा आणि तोंड धुऊन बाहेर यायचा. चालताना खांब आला की त्याला हात लावल्याशिवाय पाय पुढे पडायचा नाही. वारा बदलला की पाठीवरचे केस उभे राहायचे. इतर गडी तुळईवर बसून डबा खायचे तेव्हा तो काहीतरी निमित्त काढून फळ्यांवर उतरायचा. हे सगळं आपण बेमालूम लपवतो आहोत असं त्याला वाटत होतं.

एकदा कामावर वर्तमानपत्राचा एक माणूस आला. मोहॉक लोकांना उंचीचं भय नसतं म्हणे, ते रक्तातच असतं का, असं विचारायला लागला. नॉरिसने गंभीर चेहऱ्याने सांगितलं, “हो ना. आमच्यात पोर रांगायला लागलं की छपरावर ठेवतात. उरेल ते कामावर पाठवतात.” त्या माणसाने ते खरंच लिहून घेतलं. तो गेल्यावर टोळी पोट धरधरून हसली. आल्बनही हसला, पण सगळ्यांचं हसून झाल्यावर.

फेब्रुवारी सरत आलेला तो दिवस सकाळपासूनच वाईट होता. आभाळ इतकं खाली आलं होतं की डेरिकचं टोक त्यात शिरलं होतं. थंडी मात्र नेहमीपेक्षा कमी होती, आणि तेच इग्नासमामांना आवडलं नव्हतं. ते फळ्यांवर उभे राहून नाकाने हवा ओढत होते.

“पाऊस येणार,” ते म्हणाले. “बर्फ आला तर बरा. पाऊस नको.”

“मग उतरूया का मामा?” घंटीवाल्याने विचारलं. डेरिकचं यंत्र खूप खाली होतं. वरून घंटीचे ठोके द्यायचे आणि खालच्याने दोर ओढायचा किंवा सोडायचा.

मामांनी बोट करून कोपऱ्यावरचा खांब दाखवला. तो आदल्या दिवशी संध्याकाळी उभा केला होता. बुडाशी मोजके बोल्ट आणि दोन्ही अंगांना तारांचे ताण, एवढ्यावरच तो उभा होता. शेजारच्या खांबाला जोडणारी तुळई अजून बसवायची होती. “तो असा सोडून जायचं? वादळ आलं आणि तारा सुटल्या तर रस्त्यात जाईल. एक तुळई घालू आणि उतरू. आल्बन, नॉरिस, एकच.”

आल्बनने आतल्या खांबाचा रस्ता धरला. नॉरिस आपणहून कोपऱ्याकडे गेला. कोपरा म्हणजे दोन्ही बाजूंना रस्ता. अलीकडे तिथे नेहमी नॉरिसच जायचा. आल्बनला ते बरं वाटायचं, आणि बरं वाटल्याची लाजही वाटायची.

दोघं आपापल्या खांबावर चढले. खांबाला पाय आवळून आल्बन टोकाशी बसला. डाव्या हाताला दोन मजले खाली फळ्या होत्या, त्यांवर मामा आणि टोळी. उजव्या हाताला काहीच नव्हतं. तुळई डेरिकच्या दोराला लटकत वर आली, एकदा वाऱ्याने गिरकी घेतली, खालच्या गड्याने दोर ओढून ती सरळ केली. आल्बनने आपलं टोक पकडलं, पाना घातला, बोल्ट ठोकले. पलीकडे नॉरिसने हात वर केला. त्याचंही बसलं होतं.

आणि तेव्हाच पाऊस आला. बारीक, बिनआवाजी. आल्बनच्या हातमोज्यावर थेंब पडला, आणि पसरण्याऐवजी काचेसारखा तिथेच थांबला. दुसरा पडला, तोही थांबला. त्याने समोर बघितलं. तुळईवर चकाकी चढत होती.

“राहू दे!” खालून मामा ओरडले. “दोराचा आकडा राहू दे! तसेच खांबावरून उतरा!”

पण वाऱ्याने शब्द भलतीकडे नेले, किंवा नॉरिसने ऐकूनही मनावर घेतलं नाही. तुळईला मधोमध बांधलेला फास सोडवायला कुणीतरी जायलाच हवं, नाहीतर रात्रभर डेरिकचा दोर तिथेच अडकून हलत राहिला असता. रोजच्यासारखा नॉरिस उठला आणि हात पसरून चालायला लागला. मोजकी पावलं पडली. मग त्याचा पाय पुढे गेला आणि तो मागे राहिला.

ओरडला नाही तो. तुळईवर आपटल्याचा एक भरीव आवाज आला, आणि आल्बनला दिसलं की नॉरिस पोटावर आडवा पडला आहे, एक पाय तुळईवरून अलीकडे अडकलेला, दुसरा रस्त्याच्या बाजूला लोंबतो आहे. डावा हात तुळईखालून वळसा घालून गच्च. उजवा हात मात्र खांद्यापासून चुकीच्या दिशेला लटकत होता, दुसऱ्याच कुणाचा असावा तसा.

“नॉरिस!”

“खांदा गेला,” नॉरिस म्हणाला. आवाज नेहमीचा होता, फक्त बारीक. “हलता येत नाही रे.”

आल्बनला पुढे काय करायचं ते माहीत होतं. हीच तर अडचण होती. तुळईवर घोड्यासारखं बसायचं, टाचा खालच्या पट्टीवर टेकवायच्या, दोन्ही हात पुढे टाकायचे आणि सरकायचं. शिकाऊ गडी असेच सरकतात, त्यांना सगळे हसतात. त्याने खांबावरून एक पाय काढला. दुसरा पाय निघेना. त्याने पायाला सांगितलं, शिवी दिली. पाय खांबाला चिकटून बसला. तोंडातून उष्ण कडू पाणी आलं, ते तो थुंकला. खाली मामा काहीतरी ओरडत होते, घंटी वाजत होती. आणि नॉरिसचा लोंबणारा बूट वाऱ्याने हळूहळू हलत होता. डेलिमाने नाताळात घेऊन दिलेले बूट. आल्बन त्या बुटाकडे बघत राहिला आणि मग कधीतरी तो तुळईवर होता.

बर्फ मांड्यांखालून पातळ काचेसारखा फुटत होता आणि लगेच पुन्हा धरत होता. एक वीत सरकायचं, थांबायचं. टाच सुटली की छाती तुळईवर आपटायची. मांड्यांमध्ये अचानक ऊब पसरली, आणि ती कशाची आहे ते कळेपर्यंत ती गार होऊन कडक व्हायलाही लागली. त्याचं त्याला काही वाटलं नाही. वाटायला जागाच उरली नव्हती. उजव्या डोळ्याच्या कडेला जे मोठं राखाडी काहीतरी होतं, तिकडे बघायचं नाही, एवढं एकच त्याच्या डोक्यात होतं.

मधोमध पोचल्यावर त्याने पान्याने बर्फ ठोकून फास सोडवला आणि आकडा मोकळा केला. मामांनी तो खाली घेतला, त्याला दोर आणि कॅनव्हासचा रुंद पट्टा बांधला, पुन्हा वर पाठवला. आल्बनने दोर आणि पट्टा गळ्यात घातला आणि नॉरिसपर्यंत सरकला. पहिल्यांदा त्याने नॉरिसचा कमरपट्टा मुठीत धरला.

“एवढा वेळ?” नॉरिस म्हणाला. त्याचा गाल लोखंडाला टेकलेला होता आणि भुवयांवर बर्फ धरला होता.

“बोलू नकोस.”

“बोललो नाही तर झोप येईल. साल्या, किती कापतोयस. तुळई हलतेय.”

“मला भीती वाटते, नॉरिस.”

“माहीत आहे.”

“आजची म्हणत नाही मी.”

“मीही आजची म्हणत नाही. उन्हाळ्यापासून माहीत आहे मला. कोपरा कोण घेतंय तेव्हापासून? मला काय हौस आहे रस्त्यावर लोंबकळायची?”

आल्बन त्याच्या छातीखालून पट्टा घालत होता. त्याची बोटं थांबली. “मग बोलला का नाहीस?”

“तू सांगशील म्हणून थांबलो. आज सांगेल, उद्या सांगेल. मामांना सांगितलं असतं तर तू तोंड बघितलं नसतंस माझं.” नॉरिसने दात आवळले, पट्टा खांद्याजवळून जात होता. “आणि डेलिमाने जेवायला घातलं नसतं. हळू रे! हात आहे तो, दोर नाही.”

“मी तुला वर कोपऱ्यावर पाठवत होतो रोज. माझ्या जागी.”

“हो. आता आज मला खाली पाठव.”

पट्ट्याच्या दोन्ही टोकांना दोर ओवून आल्बनने डोक्याशी आलेल्या आकड्याला गाठ मारली, ती दोनदा ओढून बघितली, तिसऱ्यांदाही ओढून बघितली. मग हात वर करून बोटाने खूण केली. घंटी वाजली. दोर ताठ झाला, त्यावरचा बर्फ तडतडून दोघांच्या अंगावर पडला, आणि नॉरिस तुळईवरून उचलला गेला. एक क्षण तो रस्त्याच्या बाजूला झुलला. आल्बनने त्याचा पाय धरायला हात पुढे केला, पण तोवर डेरिक फिरला होता. नॉरिस फळ्यांकडे उतरत गेला. खालून टोळीचे हात वर आले आणि त्यांनी त्याला झेलला.

आता तुळईवर आल्बन एकटाच होता.

तोवर तो कुणाकडे तरी चालला होता, कुणाला तरी धरून होता. आता धरायला फक्त लोखंड होतं. तो पुढे वाकला, तुळईला मिठी मारली आणि तसाच राहिला. आकडा परत आला. त्याच्या डोक्याशी येऊन थांबला, वाऱ्याने हलला, निघून गेला. पुन्हा आला. हात काढून तो धरायचा, एवढंच तर होतं. हात निघत नव्हते. पाऊस मानेत शिरत होता आणि मानेवर गोठत होता. कुणीतरी खालून नाव घेऊन हाका मारत होतं. त्याला वाटलं, ही हाक आईची आहे, नदीच्या काठावरून, आणि मग वाटलं की आपण फार वेळ पाण्यात आहोत आणि आता हात सोडला तरी चालेल. त्या विचाराने तो इतका घाबरला की त्याला ओरडायचं होतं, पण तोंड उघडलंच नाही.

तिसऱ्यांदा आकडा आला तेव्हा आकड्याच्या वरच्या वजनदार लोखंडी गोळ्यावर इग्नासमामा उभे होते. एका हाताने दोर धरलेला, दुसरा मोकळा, डोक्यावर टोपी नाही, पिकले केस कपाळाला चिकटलेले. वर चढणं त्यांनी कधीच सोडलं होतं. गुडघे साथ देत नसत.

“आल्बन,” ते म्हणाले. ओरडले नाहीत. गावाकडे अंगणात बोलावं तसं बोलले. “डोळे मीट.”

“मिटले तर पडेन.”

“उघडे ठेवून तरी काय करतोयस?”

आल्बनने डोळे मिटले.

“आता उजवा हात. फक्त उजवा. डाव्याला काही सांगू नकोस, त्याला राहू दे तिथेच. मी तुझ्या शेजारी आहे. हात वर आण, माझा कोट लागेल.”

कुठूनतरी एक हात सुटला. तो आपलाच आहे असं आल्बनला वाटलं नाही. बोटांना ओलं लोकरी कापड लागलं आणि त्यांनी ते पकडलं.

“धरलास. पकड आहे तुझी.” मामांनी दुसरा हात त्याच्या काखेखाली घातला. “आता डावा.”

कोटावर, काखेत आणि दोरावर असे लोंबत दोघं खाली आले. फळ्यांवर पाय लागले तेव्हा आल्बन तिथेच बसला. नॉरिसला तोवर खाली नेलं होतं. टोळीतल्या एकाने आपला कोट काढून आल्बनच्या मांड्यांवर टाकला. मामा बाजूला जाऊन पाठमोरे उभे होते आणि त्यांचे खांदे हलत होते. आल्बनला वाटलं, ते खोकताहेत.

कोपऱ्यावरचा खांब त्या वादळात उभा राहिला.

त्या संध्याकाळी सेलीनाने त्याला बूट काढताना बघितलं आणि टबात गरम पाणी भरलं. पाण्यात बसून त्याने तिला सगळं सांगितलं, संडासात ओकण्यापासून. ती टबाच्या काठावर बसून ऐकत होती. तो नॉरिसच्या बुटापाशी आला तेव्हा ती उठून स्वयंपाकघरात गेली, आणि भांडी आपटल्याचा आवाज आला. परत आली तेव्हा तिचे डोळे लाल होते.

“तुमच्या दोघांच्या प्रेतांपाशी मी आणि डेलिमा एकत्र उभ्या राहिलो असतो,” ती म्हणाली. “आणि मला माहीत असतं. तिला नसतं. हे मी कसं पचवलं असतं रे?”

त्याने टबातून ओला हात काढून तिच्यापुढे धरला.

त्या शनिवार-रविवारी सगळे गावी गेले. नॉरिसचा हात छातीशी बांधलेला होता आणि मागच्या सीटवर तो वाटभर विव्हळत आणि विनोद करत होता. रविवारी आईकडे जेवण होतं. घेवड्याचे दाणे घातलेली मक्याची भाकरी आणि वर मटणाचा रस्सा. आईने नॉरिसच्या ताटात मांस बारीक करून घातलं. मग चमचा खाली ठेवला आणि भावाकडे वळली.

“इग्नास, यातला एक मला परत दे.”

“आई, नॉरिस बरा झाला की—” डेलिमा म्हणायला लागली.

“मी जातो बाजूला,” आल्बन म्हणाला.

त्याने ताटाकडे बघत सांगितलं, “मला वर जाता येत नाही. उन्हाळ्यापासून. नॉरिसला माहीत होतं.”

डेलिमाने नवऱ्याकडे मान वळवली. नॉरिसने डाव्या हाताने भाकरीचा मोठा तुकडा तोंडात कोंबला, म्हणजे बोलावं लागू नये.

इग्नासमामांनी हनुवटी खाजवली. “माझ्या वेळी मलाही झालं होतं तसं,” ते म्हणाले. “एक हिवाळाभर. मग गेलं. का गेलं कळलं नाही, का आलं तेही कळलं नाही. माझं गेलं म्हणून तुझं जाईल असं मी म्हणत नाही.” ते पाणी प्यायले. “खाली दोर धरायला माणूस पाहिजे मला. तो शहाणा असावा लागतो. धरशील?”

“लोक हसतील,” आल्बन म्हणाला.

“हसतीलच,” आई म्हणाली. “हसू देत. जिवंत माणसालाच हसतात.”

लोक हसले. वर चढणारा माणूस दोरावर आला की काय म्हणतात ते सगळं आल्बनने ऐकलं. कुणी त्याच्या डब्यात बाळाची दुधाची बाटली ठेवली. रिव्हेटचे खिळे ठोकणारा एक जण रोज सकाळी विचारायचा, “आजी, आज गुडघे कसे आहेत?” आल्बन दोर हाताला गुंडाळायचा आणि काम करायचा. सेलीनाच्या दंडावरचे वळ पिवळे पडले, मग गेले. नवे उठले नाहीत. आपण बरे होतो आहोत असं त्याला वाटायला लागलं होतं.

मे महिन्यात नॉरिस परत आला. त्याला नवा जोडीदार मिळाला होता, अक्वेसास्ने या दुसऱ्या मोहॉक गावचा एक उंच, मितभाषी गडी. इमारत तोवर बरीच वर गेली होती. स्वच्छ, उन्हाचा दिवस होता. पहिली तुळई उचलली गेली. तिच्या टोकाचा दोर आल्बनच्या हातात होता; ती जिकडे फिरेल तिला आवरायचं, भरकटू द्यायची नाही, वरच्यांच्या हातात सरळ नेऊन द्यायची. त्यासाठी वर बघत राहावं लागतं.

वर दोन माणसं होती. एक इकडच्या खांबावर, एक कोपऱ्यावर. आणि कोपऱ्यावर नॉरिसच होता.

भीती परत आली. ती गेलीच नव्हती, जागा बदलून बसली होती. वर असताना ती निदान त्याच्या स्वतःच्या पायांत होती. आता ती दोराच्या दुसऱ्या टोकाला होती, आणि तिथे त्याचा हात पोचत नव्हता. तुळई वाऱ्याने थोडी कलली आणि नॉरिसच्या छातीकडे गेली. आल्बनने सगळ्या अंगाने दोर खेचला. तुळई थांबली. नॉरिसने तिला अगदी सहज हात लावला, भोकं जुळवली, पाना घातला. मग उठून फास सोडवायला तो मधोमध चालत गेला, दोन्ही हात पसरून, आणि परत आला. हातमोज्याचं चामडं तळव्याला चिकटलं होतं.

जेवणाच्या सुट्टीत नॉरिस फळ्यांवर उतरला आणि त्याच्या शेजारी येऊन बसला. डबा उघडला. “काय रे साल्या, दिवसभर आ वासून वर काय बघत होतास? तोंडात पक्षी शिरेल.”

“भीती वाटत होती,” आल्बन म्हणाला. मोठ्याने म्हणाला. सगळी टोळी बसली होती.

रिव्हेटवाला हसला. अक्वेसास्नेच्या गड्याने पाव चावणं थांबवलं, आल्बनकडे एकदा बघितलं, आणि फळीवर थोडा सरकून त्याच्या बाजूला बसला.

“तुला कोणाची वाटत होती?” नॉरिसने विचारलं. “माझी?”

“तुझी. आणि डेलिमाची.”

“डेलिमाची मलाही वाटते,” नॉरिस म्हणाला, आणि आपल्या डब्यातलं अर्धं सफरचंद कापून त्याच्यापुढे धरलं.

इग्नासमामांनी घड्याळ बघितलं, टोपी झटकली आणि पुढच्या खांबाकडे निघाले. आल्बनने सफरचंद खाल्लं, हातमोजे पुन्हा चढवले आणि दोर उचलला.